लास्मीच्या मुलीचा सिनेमा

शुक्रवारी दुपारी जेवणं आटोपल्यावर अवंतीने लॅपटॉपची वायर टीव्हीला जोडली. पुढचे दोन तास कसे जाणार आहेत हे घरातल्या चौघांपैकी फक्त तिलाच ठाऊक होतं. तिने तो सिनेमा सहा वेळा पाहिला होता. पाहणं हे तिचं कामच होतं. सौदीतल्या खोबरमधली जी कंपनी आशियातले सिनेमे घेऊन आखातातल्या थिएटरांत लावते, तिथे ती सबटायटल्स तपासायची. दोन वर्षांपूर्वीपर्यंत तिचा साहेब इंडोनेशियाचा सिनेमा म्हटलं की हसायचा, भुताखेतांशिवाय त्यांना काय येतं म्हणायचा. यंदा त्याने तिकडचे पाच सिनेमे घेतले होते. जकार्तात लोक परदेशी सिनेमे सोडून आपल्याच सिनेमांना रांगा लावतायत, आणि इथे एवढ्या इंडोनेशियन बायका आहेत, नर्सेस आहेत, त्यांच्यासाठी कुणी काही लावत नाही, असं तो आता मीटिंगमध्ये सांगत असे.

हा पाचातला शेवटचा. लास्मीच्या मुलीचा.

अवंती तीन महिन्यांची असताना लास्मी इंडोनेशियाहून या घरात कामाला आली आणि ती पाच वर्षांची होईपर्यंत राहिली. अवंतीच्या आईने, शोभनाने, पहिल्याच दिवशी तिची लक्ष्मी केली. लास्मी म्हणणं काही अवघड नव्हतं, पण केली ती केली. अवंती तेवढी तिला खऱ्या नावाने हाक मारायची, तिच्याच भाषेत बोलायची आणि तिच्याच कडेवर झोपायची. लास्मी गेल्यावर ती भाषा विरून गेली. कॉलेजात असताना फोनवर दांगदुत ऐकता ऐकता ती परत आली. दांगदुत म्हणजे त्यांचं ढोलकीच्या ठेक्यावरचं गाणं. जावाच्या खेड्यापाड्यांत लग्नाच्या मांडवात रात्ररात्र चालणारं, शिकल्यासवरल्यांनी नाकं मुरडावीत असं. आता तेच गाणं जकार्तातल्या मोठ्या स्टेडियममध्ये वाजत होतं, आणि ते तिथवर नेणाऱ्या पोरींपैकी एक होती मेलाती. मांडवात गाताना कुणीतरी फोनवर तिला टिपलं, ते कोटीभर लोकांनी पाहिलं. चार वर्षांत तिची गाणी झाली, आणि आता हा सिनेमा. तिनेच लिहिलेला, तिनेच केलेला. त्यात आपल्या आईचं काम तिने स्वतःच केलं होतं.

शोभनाने आठवडाभर हॉस्पिटलात सगळ्यांना सांगितलं होतं, आमच्या लक्ष्मीची मुलगी. शनिवारी दम्माममध्ये सिनेमाचा खास खेळ होता. मेलाती त्यासाठी येणार होती, लास्मीलाही आणणार होती, आणि तिथून दोघी उमराहच्या यात्रेसाठी मक्केला जाणार होत्या. लास्मीने निरोप पाठवला होता की मॅडमना यायला सांग. फक्त मॅडमना. ते 'फक्त' अवंतीने घरी सांगितलं नव्हतं. गेला आठवडाभर ती वडिलांशी धड बोललीही नव्हती.

सिनेमातलं घर दम्माममधलंच होतं. नवरा-बायको दोघं भारतीय डॉक्टर, दोन मुलं. मॅडम कामवालीला लक्ष्मी म्हणून हाक मारते तेव्हा शोभना हसली आणि मुलाकडे, सुबोधकडे, पाहून म्हणाली की बघ, सगळं लक्षात आहे हो तिच्या. डॉक्टरला मिशी होती. अवंतीच्या वडिलांना, सत्यजितला, कधीच नव्हती.

तासाभराने ते दृश्य आलं. फोन वाजतो. डॉक्टर उचलतो. पलीकडे लास्मीचा दूर शहरात राहणारा भाऊ असतो, तो मोडक्या अरबीत सांगतो की आई गेली. डॉक्टर ऐकतो. स्वयंपाकघरात ती तांदूळ धूत गुणगुणत असते. तो तिच्याकडे पाहतो, भिंतीवरच्या कॅलेंडरकडे पाहतो आणि खोलीचं दार लावून घेतो. मग चोवीस दिवस. तिकडे जावात सात वर्षांची पोर रोज शाळेतून टेलिफोनच्या दुकानात जाते, आई आता फोन करील म्हणून बाकावर बसते आणि दुकान बंद झालं की उठते. पोरीजवळ आजीशिवाय कुणी नव्हतं.

"बंद कर ते," सत्यजित म्हणाला.

अवंतीने बंद केलं नाही. आवाज कमी केला.

*

सत्यजित भूलतज्ज्ञ होता. तीस वर्षं तो माणसांना झोपवून परत जागं करत आला होता आणि ऑपरेशननंतर पेशंट नाव घ्यायचे ते सर्जनचं. त्याला त्याचं काही वाटत नसे. आपण कुणाचं वाईट केलेलं नाही, एवढ्यावर तो निवांत होता.

तो शांतपणे म्हणाला की असा फोन आपण घेतलेला नाही. अवंती इंग्रजीत म्हणाली की लास्मी तसं सांगते, मेलातीने लहानपणापासून तेच ऐकलंय. मग त्याचा आवाज चढला. त्याच्या ऑपरेशन थिएटरात चार इंडोनेशियन नर्सेस होत्या. चौघीही मेलातीची गाणी गुणगुणत टेबल लावायच्या, उद्याची तिकिटंही त्यांनी काढली होती. दम्माममध्ये दोन मुलं असलेलं मराठी डॉक्टर जोडपं, आणि बायको चारचौघांत सांगत फिरतेय की आमची लक्ष्मी. रविवारी सकाळी त्या चौघी आपल्याकडे कशा बघतील, ते त्याला आत्ताच दिसत होतं. तेवढं दृश्य कापून टाक, नाहीतर मी तुझ्या कंपनीला लिहितो, असं त्याने सांगितलं.

सुबोध लगेच म्हणाला, "काप ना अवंती. दोन मिनिटांचं तर आहे. इथे कशालाही कात्री लागते, कुणी विचारणार नाही."

एरवी बाप-लेकाचं कशातही जमायचं नाही. सुबोध इतक्या पटकन आपल्या बाजूने आला, याचं सत्यजितला बरं वाटलं. शोभना मात्र उलट बोलली. तिचं म्हणणं, सिनेमा आहे, त्यात काहीही दाखवतात, एवढं मनावर घ्यायचं कारण नाही. पोरीने कष्टाने केलंय, ते कशाला कापायचं? ती हे बोलत होती तेव्हा पडद्यावरची मॅडम कामवालीला पोटाशी धरून रडत होती, नवऱ्याशी भांडत होती, तिच्या हातात तिकीट देत होती.

"तुला आठवतंय का असा काही फोन?" त्याने विचारलं.

"एकोणीस वर्षं झाली," शोभना म्हणाली.

हे उत्तर नव्हतं. ते सत्यजितच्या लक्षात आलं. आणखीही काही लक्षात आलं. लास्मी शेवटचा दीड महिना त्याच्याशी बोलत नव्हती. चहाचा कप हातात द्यायची, तो टेबलावर ठेवून निघून जायला लागली. तो खोलीत आला की अवंतीला उचलून दुसऱ्या खोलीत जायची. आपल्या हातून काय झालं, आपण वावगं बोललो की आपली नजर तिला वावगी वाटली, या विचाराने तो तेव्हा हैराण झाला होता. शेवटी लाजत लाजत त्याने शोभनाला विचारलं होतं. शोभना म्हणाली होती, घरची आठवण येत असेल, होतं असं या बायकांचं.

"फोन कुणी घेतला होता, शोभना?"

ती ताटं उचलायला लागली.

*

सुबोध तेव्हा दहा वर्षांचा होता. जुबैलच्या प्लांटवर आज तो शंभर माणसं हाताळायचा, पण या घराच्या बैठकीत आलं की त्याला त्या फोनची जागा अजून दिसायची. सोफ्याच्या डाव्या हाताला, भरतकामाच्या रुमालावर. रुमाल, फोन, दोन्ही कधीच गेले होते.

लास्मी, मामा, मात. पलीकडचा माणूस एवढंच पुन्हा पुन्हा म्हणत होता. शाळेत अरबी शिकणाऱ्या पोराला मामा म्हणजे आई आणि मात म्हणजे मेली हे कळत होतं. तो धावत आईकडे गेला. आई पुस्तकांत होती. लायसेन्सच्या परीक्षेत ती दोनदा नापास झाली होती, तिसरी संधी शेवटची होती आणि ती तीन आठवड्यांवर आली होती. त्या दिवसांत ती जेवतानाही पुस्तक समोर घेऊन बसायची. तिने फोन घेतला, ऐकलं, हो हो म्हणाली आणि ठेवला. मग त्याला जवळ घेऊन म्हणाली की कुणाला बोलायचं नाही. बाबांनाही नाही. आईची परीक्षा आहे ना?

त्याला त्यात काही वाईट वाटलं नव्हतं. आईने आपल्याला मोठं समजून काहीतरी सोपवलं असंच वाटलं होतं. वाईट वाटलं ते नंतर. लास्मीच्या गावची एक बाई कतीफमध्ये कुणाकडे कामाला होती. ती चोवीस दिवसांनी समाचाराला आली आणि दारातच रडायला लागली. लास्मी आईपुढे येऊन उभी राहिली. तिने काही विचारायच्या आत आई म्हणाली होती, डॉक्टरसाहेबांनी फोन घेतला होता. मलासुद्धा सांगितलं नाही त्यांनी. हे तिने मोडक्या अरबीत सांगितलं होतं आणि सुबोधला शब्दन् शब्द कळला होता.

आता वडील आईच्या पाठीकडे पाहत होते आणि आई ताटांवर ताटं ठेवत होती.

"मी घेतला होता, बाबा," सुबोध म्हणाला. "मग आईने."

पुढचं त्याने सगळं सांगितलं. सांगताना तो वडिलांकडे पाहत नव्हता, अवंतीकडे पाहत होता, कारण वडिलांपेक्षा तिची त्याला जास्त भीती वाटत होती. सांगून झाल्यावर त्याने हेही सांगितलं की दृश्य काप म्हणालो ते बाबांसाठी नव्हतं.

अवंतीने टीव्ही बंद केला. ती आईला म्हणाली, "तू तिला बाबांचं नाव सांगितलंस."

शोभना ताटं घेऊन आत गेली. अवंती उठली, फोन घेतला आणि आत्ताच्या आत्ता लास्मीला कळवते म्हणाली. तिला वडिलांनीच अडवलं. आठवडाभर जिने त्यांना गुन्हेगार धरलं होतं, तिला ते म्हणाले की हे तू सांगायचं नाहीस आणि सुबोधनेही नाही. ज्याचं त्याने सांगायचं.

*

शोभना स्वयंपाकघरात होती. सत्यजित दारात येऊन उभा राहिला. ओरडला असता तर तिला सोपं गेलं असतं. ओरडणाऱ्या माणसाला उत्तर देता येतं.

ती न विचारताच बोलायला लागली. तीन आठवडे, एवढाच तिचा हिशोब होता. मेलेलं माणूस तीन आठवड्यांनीही मेलेलंच असणार. लास्मी गावी निघून गेली असती तर पाच वर्षांच्या पोरीला सांभाळून, ड्युटी करून, परीक्षा कशी झाली असती? नापास झाले असते तर सगळ्यांनाच गाशा गुंडाळून सांगलीला जावं लागलं असतं. मुलांच्या शाळा, घर, हे जे काही उभं राहिलं ते त्या परीक्षेवर उभं राहिलं. पुढे दीड महिन्याने निकाल लागला, आणि पास झाल्याच्या दुसऱ्या दिवशी मी तिचं तिकीट काढलं. तिने रडून माझे हात धरले होते.

"आणि माझं नाव?"

"ती समोर उभी होती," शोभना म्हणाली. "काहीतरी बोलायला हवं होतं."

सत्यजितने मान हलवली, जणू एखाद्या कनिष्ठ डॉक्टरने रिपोर्ट वाचून दाखवावा. मग त्याने सांगितलं की सिनेमा कापायचा नाही. उद्या चौघंही जायचं आणि तू तिला सांगायचंस. तिच्या मुलीसमोर.

बाहेरून सुबोध आत आला. काय मिळणार त्याने, असं तो म्हणायला लागला. त्या बाईच्या मनात या घरातलं एक माणूस तरी चांगलं आहे, तेवढंही काढून घ्यायचं का? सत्यजित म्हणाला की तो प्रश्न आईने सोडवावा. शोभनाला वाटलं, मुलगा आपल्या बाजूचा आहे. पण त्याने तिच्याकडे पाहिलं तेव्हा त्याच्या नजरेत तसं काही नव्हतं. तो एकोणीस वर्षं दमलेला होता, एवढंच.

तिने उद्या सांगेन म्हणून कबूल केलं. खरंच सांगायचं तिच्या मनात होतं. लास्मीला मुलगी आहे, हे तिला तेव्हाही ठाऊक होतं. पण ती त्या आजीपाशीच राहते, आजी गेल्यावर तिचं काय झालं असेल, हा विचार तिला त्या तीन आठवड्यांत एकदाही शिवला नव्हता. तो आज पडद्यावर बाकावर बसलेली पोर बघून पहिल्यांदा आला. परीक्षेत मात्र तिने मुलांच्या आजारांवरचा प्रश्न सगळ्यात चांगला सोडवला होता.

*

शनिवारी चारचा खेळ. मॉलमधलं थिएटर काळ्या पायघोळ अबायांनी भरून गेलं होतं. दम्मामच्या, कतीफच्या घरांतून सुटी मागून आलेल्या बायका होत्या. काही हुफूफहून बस करून आल्या होत्या. नर्सेसचा एक घोळका होता, त्यात सत्यजितच्या चौघीही होत्या. त्यांनी त्याला ओळखून हात हलवला. दिवे गेल्यावर मेलातीचं पहिलं गाणं सुरू झालं आणि अख्खं थिएटर तिच्याबरोबर गायला लागलं. एरवी मालकांच्या मुलांमागे हळू आवाजात बोलणाऱ्या या बायका पाय आपटून गात होत्या. आपली भाषा, आपला ठेका, आपल्यासारखीच बाई पडद्याएवढी मोठी. कित्येकींना गाताना रडू येत होतं.

फोनच्या दृश्याला गाणं थांबलं. पाठीमागच्या रांगेतून एक बाई डॉक्टरला उद्देशून काहीतरी बोलली आणि सगळ्या हसल्या, कडवट हसल्या. सत्यजितने अवंतीला विचारलं, काय म्हणाली? अवंती म्हणाली, काही नाही.

खेळ संपल्यावर लॉबीत फोटोंसाठी झुंबड उडाली. मेलाती हिरव्या रेशमी अबायात होती, तिच्याभोवती फोन उंचावलेले होते. गर्दीतून वाट काढत लास्मी आली. ती आता जाडसर झाली होती, चष्मा लागला होता. तिने शोभनाला मिठी मारली आणि सोडेचना. मग अवंतीचं तोंड दोन्ही हातांत धरून बघत राहिली. मुलीला बोलावून तिने ओळख करून दिली, ही माझी मॅडम. मेलातीने वाकून शोभनाच्या हाताला कपाळ लावलं. भोवतीच्या बायकांनी ते पाहिलं, त्याही एकेक करून शोभनाशी हात मिळवायला लागल्या. सिनेमातली चांगली मॅडम खरीखुरी समोर उभी होती.

लास्मीने सत्यजितकडे पाहिलं नव्हतं.

तो वाट पाहत होता. सुबोध खांबापाशी उभा होता. शोभनाने दोनदा तोंड उघडलं. अवंती तिच्या खांद्याशी उभी राहिली, आता आई बोलेल ते शब्दाला शब्द सांगायचं म्हणून तयार. शोभना म्हणाली, "तिला विचार, तब्येत कशी असते."

अवंतीने विचारलं. लास्मी म्हणाली, गुडघे दुखतात, बाकी अल्लाची कृपा.

मग सत्यजित पुढे आला. त्याने शोभनाकडे एकदा पाहिलं, पुरेसा वेळ, आणि तिने मान खाली घातल्यावर तो लास्मीला म्हणाला, "मी तो फोन लपवायला नको होता. माझं चुकलं. मला माफ कर." मग अवंतीला म्हणाला, "सांग तिला."

"बाबा."

"जसं बोललो तसं सांग."

अवंतीने आईकडे पाहिलं. आई पाहत नव्हती. अवंतीने सांगितलं. ते वाक्य तुटकतुटक बाहेर आलं, म्हणून लास्मीने दुसऱ्यांदा विचारलं आणि तिला ते दोनदा सांगावं लागलं. आजूबाजूच्या बायकांनी उंचावलेले फोन खाली घेतले. त्या चार नर्सेसनीही.

लास्मीने चष्मा काढून पुसला. बराच वेळ पुसला. मग ती बोलली आणि अवंतीने एकेक वाक्य मराठीत आणलं. माझी मुलगी चोवीस दिवस त्या बाकावर बसली. नंतर मी घरी गेले तर ती मला काकू म्हणाली. डॉक्टरसाहेब आज माफी मागतात ते चांगलं आहे, त्यांच्यासाठी चांगलं आहे. पण मी माफ करत नाही. मी मक्केला चालले आहे, तिथे खोटं बोलता येत नाही, म्हणून इथेच सांगते.

सत्यजितने हो म्हणून मान हलवली. तो मागे झाला आणि गाडी काढतो म्हणून सरकत्या जिन्याकडे चालायला लागला. त्याच्या चौघी नर्सेसनी त्याला वाट करून दिली, एरवी देतात त्यापेक्षा जास्त रुंद. सुबोध त्याच्यामागून गेला.

लास्मी शोभनाचा हात अजून धरून होती. तिने अवंतीला म्हटलं, मॅडमना सांग, मी प्रत्येक नमाजात त्यांचं नाव घेते. त्यांनी मला घरी पाठवलं म्हणून मला माझी मुलगी परत मिळाली. काब्यासमोरही घेईन, आधी त्यांचंच घेईन.

अवंतीने सांगितलं. आवाजात काहीही येऊ न देता सांगितलं.

शोभनाचा चेहरा पांढरा पडला होता. ती म्हणाली, "तिला सांग, माझं नाव घेऊ नकोस म्हणावं. तिथे तर नकोच."

"का, ते तू सांगतेस की नाही?" अवंतीने मराठीत विचारलं.

शोभना लास्मीच्या हाताकडे बघत राहिली. "एवढंच सांग," ती म्हणाली.

अवंतीने एवढंच सांगितलं. लास्मी ऐकून हसली, मग तिचे डोळे भरून आले. मुलीकडे वळून ती कौतुकाने म्हणाली की बघितलंस, मॅडम पहिल्यापासून अशाच, स्वतःसाठी कधी काही मागायच्या नाहीत. आणि तिने शोभनाचा हात उचलून आपल्या ओठांना लावला.